दोन जामीनदार आणि चारशे पोती हळद

आमच्या पतसंस्थेच्या स्नेहसंमेलनाचे सूत्रसंचालन माझ्याकडे आले, ते माझे अक्षर चांगले आहे म्हणून. ज्याचे अक्षर चांगले त्याचा कागद नीट लिहिलेला असतो, आणि ज्याचा कागद नीट लिहिलेला असतो तो अडखळत नाही, असा आमच्या व्यवस्थापकांचा तर्क होता. मी खरोखरच अडखळलो नाही. दोन गाण्यांच्या मधल्या वेळेत सांगण्यासाठी मी सहा विनोद निवडले होते. ते सहाही मी स्पष्ट उच्चारात आणि एकही शब्द न गाळता सांगितले, आणि सहाही वेळा समोरच्या दोनशे माणसांनी ते वार्षिक अहवालाप्रमाणे शांतपणे ऐकून घेतले. चौथ्या विनोदानंतर पहिल्या रांगेतल्या एका ज्येष्ठ संचालकांनी हलकीशी टाळी वाजवली, परंतु ती विषय मंजूर झाल्याची होती.

सांगलीच्या विश्रामबागेतून गावभागातल्या घरी येईपर्यंत आमच्या सौ. काही बोलल्या नाहीत. कुलूप काढताना मात्र त्या म्हणाल्या, "विनोद चांगले होते. मी ते शाळेत असताना वाचले होते."

त्या वाक्याला मी हसलो आणि मग जिन्यातच थांबलो, कारण माझ्या सहा विनोदांना जे जमले नव्हते ते या दोन वाक्यांना जमले होते. सव्वीस वर्षे मी खतावणी लिहितो आहे. जमाखर्चही मला जन्मतः येत नव्हता, तो मी शिकलोच. तेव्हा विनोद लिहिणेही शिकता येईल, असे मला त्या रात्री वाटले. दुसऱ्या दिवशी दोनशे पानांची वही आणली आणि झोपण्यापूर्वी रोज पाच वाक्ये लिहायची, असा नियम केला. आता तिसरी वही सुरू आहे. पहिल्या वहीत वाचण्यासारखे काही नाही, हे येथेच सांगून टाकतो.

पहिल्या वहीची चूक अशी की, मी विनोद 'सुचण्याची' वाट पाहत होतो. आपल्याकडे एखादा माणूस विनोदी आहे असे म्हणताना तो उंच आहे किंवा गोरा आहे असे म्हटल्यासारखे म्हणतात, म्हणजे त्याचा त्यात काही हात नाही. प्रत्यक्षात सौ.ची ती दोन वाक्ये मी उलगडून पाहिली तेव्हा त्यांत सुचण्यापेक्षा मांडणीचा भाग मोठा दिसला. 'विनोद चांगले होते' या पहिल्या वाक्याने मला वाटले की हे कौतुक आहे, आणि 'शाळेत असताना' हे शब्द येईपर्यंत तो समज टिकून राहिला. त्यांनी जर 'तुमचे विनोद फार जुने होते' असे म्हटले असते, तर माहिती तीच मिळाली असती, पण मी हसलो नसतो. ऐकणाऱ्याला कोणती गोष्ट कधी कळू द्यायची, याचा हिशेब म्हणजे विनोदाचे लेखन, एवढे सूत्र मी त्या दिवशी वहीच्या पुठ्ठ्यावर लिहिले आणि पुढे जे काही शिकलो ते त्याच्याच पोटात बसत गेले.

कांट या जर्मन तत्त्वज्ञाने १७९० साली असे लिहून ठेवले आहे की, ताणलेली अपेक्षा एकाएकी शून्यावर आली की माणूस हसतो. एवढ्या मोठ्या माणसाशी मतभेद असणे शोभत नाही, पण हिशेबनीस म्हणून मला ते शून्य पटत नाही. विनोदात अपेक्षा शून्यावर येत नाही, ती दुसऱ्या खात्यावर जाते. रक्कम तीच राहते, खाते बदलते, आणि ते बदलल्याचे ऐकणाऱ्याला शेवटच्या ओळीवर कळते.

हे मला नीट कळले ते हळदीमुळे. सांगलीचा माणूस हळदीपासून फार लांब जाऊ शकत नाही. मार्केट यार्डात हळदीचे सौदे निघतात, हरिपुरात हळद साठवण्याची जमिनीखालची पेवे होती, आणि २०१८ साली सांगलीच्या हळदीला भौगोलिक मानांकनही मिळाले. दुसऱ्या बाजूला, ज्याचे लग्न ठरते त्याला हळद लागते. म्हणजे एकाच शब्दाची दोन खाती माझ्या गावात रोज उघडी असतात, एक व्यापाराचे आणि एक लग्नाचे. आमच्याकडे एका व्यापाऱ्यांच्या मुलाचे लग्न बरीच वर्षे जमत नव्हते आणि ते दर भेटीत हाच विषय काढत. त्यावरून मी पहिल्यांदा असे लिहिले:

"एका हळदीच्या व्यापाऱ्याच्या मुलाचे लग्न होत नव्हते. त्यामुळे त्याला हळद लागत नव्हती. हे किती विचित्र आहे, कारण त्यांच्या घरी हळदीची चारशे पोती होती!"

यात सगळे आहे, फक्त हसू नाही. 'लग्न होत नव्हते' हे पहिल्याच वाक्यात सांगून मी लग्नाचे खाते आधीच उघडून ठेवले, दुसऱ्या वाक्यात श्लेष मोकळा केला आणि तिसऱ्यात ते विचित्र असल्याचा दाखलाही जोडला. 'किती विचित्र आहे' असे ज्याला सांगावे लागते त्याने गोष्ट विचित्र केलेलीच नसते. दुसऱ्या प्रयत्नात मी भौगोलिक मानांकन आणले: हळदीला मानांकन मिळाले, पण मुलाला होकार मिळाला नाही. हे सौ.ना आवडले होते. मला मात्र त्यात कष्ट दिसत होते, कारण 'मानांकन' आणि 'होकार' हे दोन वेगळे शब्द आहेत आणि त्यांना शेजारी बसवण्यासाठी मलाच मध्ये उभे राहावे लागत होते. तीन आठवड्यांनी वाक्य असे झाले:

"आमच्या वखारीत चारशे पोती हळद पडून आहे, पण पोराला काही लागेना."

व्यापारी स्वतःच बोलतो आहे, त्यामुळे 'एक व्यापारी होता' हे गेले. 'लग्न' हा शब्दच गेला. 'लागेना' येईपर्यंत ऐकणारा वखारीत, हळदीच्या भावाच्या चिंतेत आहे, आणि त्या एका क्रियापदासरशी तो मांडवात जाऊन पोहोचतो. पहिल्या मसुद्यात तेवीस शब्द होते, या वाक्यात अकरा आहेत. चारशे हा आकडा मात्र मी जाणूनबुजून ठेवला. 'पुष्कळ हळद' म्हटले की वखार डोळ्यांसमोर येत नाही.

येथे मराठी भाषेने केलेल्या उपकाराबद्दल लिहिले पाहिजे. आपले क्रियापद स्वभावतः वाक्याच्या शेवटी येते आणि विनोदाला तर शेवटचीच जागा हवी असते. 'लागेना' तेथे आयते जाऊन बसले. पण हाच उपकार पुष्कळदा अंगावर येतो, कारण आपल्याला वाक्य संपल्यानंतरही बोलत राहण्याची सवय असते. 'पोराला काही लागेना, असे ते मला म्हणाले' असे लिहिले की विनोद 'लागेना'वर फुटतो आणि वाचक 'असे ते मला म्हणाले' एवढी वाट विनाकारण चालून जातो. म्हणून 'ते म्हणाले' नेहमी आधी. आमच्या सांगलीकडे तर प्रत्येक वाक्याच्या शेवटी 'की' लागतो: ये की, बस की, खा की. कानाला तो गोड वाटतो, पण नेमक्या शब्दानंतर आला तर विनोदावर ओले फडके टाकतो. मी वहीतली वाक्ये मोठ्याने वाचतो ती या 'की'साठीच.

लिंगाचा प्रश्न याहून नाजूक आहे. एक जुने कोडे आहे: अपघातात वडील दगावतात, जखमी मुलाला शस्त्रक्रियेसाठी नेतात, आणि सर्जन म्हणतात की हा तर माझा मुलगा आहे, मी शस्त्रक्रिया करू शकत नाही. सर्जन म्हणजे त्याची आई, हे उत्तर. इंग्रजीत हे कोडे चालते, कारण तेथे क्रियापद कोणाचे लिंग सांगत नाही. मराठीत भूतकाळात 'म्हणाल्या' लिहिले की उत्तर फुटले आणि 'म्हणाले' लिहिले की फसवणूक झाली. पण याच व्याकरणाने एका दाराआड दुसरे दार उघडे ठेवले आहे. आपल्याकडे निर्जीव वस्तूंनाही लिंग असते, त्यामुळे 'ती' म्हणजे प्रेयसी, म्हैस, परीक्षा किंवा एसटी यांपैकी काहीही असू शकते. दुसऱ्या वहीत मी लिहिले: "ती येणार म्हणून मी पहाटे चारपासून स्टँडवर बसून होतो. सहा वाजले, सात वाजले. शेवटी धीर करून खिडकीवर विचारले, तर कळले की ती रात्रीच विट्याला पंक्चर झाली." हा विनोद थोर नाही. पण तो मराठीतच जन्मला आणि दुसरीकडे नेल्यास बहुधा प्रवासातच दगावेल, याचा मला थोडा अभिमान आहे.

लिहिण्यापेक्षा खोडणे जास्त महत्त्वाचे, हे सगळेच सांगतात. पण काय खोडायचे, हे मला आमच्या वसुली विभागाने शिकवले. तिथल्या अनुभवावरून मी लिहिले होते: "पतसंस्थेत कर्ज काढायला तीन माणसे येतात, एक कर्जदार आणि दोन जामीनदार. कर्ज फेडायला मात्र फक्त दोन जामीनदारच येतात, कारण कर्जदार तोपर्यंत गायब झालेला असतो." महिनाभर हे असेच पडून होते. मग एका रात्री मी 'कारण'पासून पुढचे सगळे खोडले. नंतर जामीनदार खोडले, मग कर्जदारही खोडला. उरले ते असे: "कर्ज काढायला तिघे येतात, फेडायला दोघेच." ते दोघे कोण, हे मी सांगत नाही. ज्याने आयुष्यात एकदा जरी कोणाच्या कर्जाच्या कागदावर सही केली आहे, तो ते स्वतः शोधतो आणि शोधल्यावर हसतो. शेवटची पायरी ऐकणाऱ्याने स्वतः चढायची असते. आपण त्याला उचलून वर ठेवले तर त्याला पोहोचल्याचा आनंद मिळत नाही. अर्थात पायरी फार उंच ठेवली तर तो खालीच राहतो, आणि ती किती उंच ठेवावी हे मला अजूनही प्रत्येक वेळी चाचपडूनच ठरवावे लागते.

आत्तापर्यंत जे लिहिले त्यात ऐकणाऱ्याला कमी माहीत असते आणि लिहिणाऱ्याला जास्त. याच्या उलटही चालते, हे शिकवणारा माणूस माझ्या घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर होऊन गेला. नाटककार गोविंद बल्लाळ देवल हरिपूरचे. मोलिएरच्या फ्रेंच नाटकाचे मूळ त्यांनी घेतले, १८९३ साली त्यातून 'फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा' हे नाटक रंगभूमीवर आणले आणि १९१६ मध्ये त्याचेच 'संगीत संशयकल्लोळ' झाले. त्यात एक तसबीर एका हातातून दुसऱ्या हातात जाते. ती कोणाची आहे आणि कोणाकडे कशी आली, हे प्रेक्षकांना पहिल्यापासून ठाऊक असते. फाल्गुनरावाला मात्र ठाऊक नसते, आणि तो प्रत्येक पुराव्यावरून अत्यंत तर्कशुद्ध रीतीने चुकीच्या निष्कर्षावर पोहोचतो. म्हणजे येथे काही लपवलेलेच नाही. प्रेक्षकाला जास्त, पात्राला कमी, आणि या तफावतीवर अख्खे नाटक उभे. हे उमगल्यावर मी माझ्या वहीत 'ऐकणाऱ्याला माहीत नाही' आणि 'पात्राला माहीत नाही' असे दोन रकाने आखले. विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली जेथे पहिला नाट्यप्रयोग केला त्या गावात राहून हा दुसरा रकाना मला पन्नाशी जवळ आल्यावर दिसला, हे कबूल करायला संकोच वाटतो.

तमाशाच्या बतावणीत हे दोन्ही रकाने एकाच वेळी चालतात. कवलापूरच्या काळू-बाळू या जुळ्या भावांचे नाव आमच्या भागात अजूनही अभिमानाने घेतले जाते. लहानपणी जत्रेत वडिलांच्या खांद्यावर बसून मी जे तमाशे पाहिले त्यांतले शब्द मला आठवत नाहीत, पण सोंगाड्या बोलत असताना त्याच्यासमोरचा माणूस अत्यंत गंभीर चेहऱ्याने प्रश्न विचारत असे, हे आठवते. तो गंभीर माणूस काढून टाकला तर सोंगाड्या नुसता ओरडणारा उरतो. मी सूत्रसंचालनात एकटाच असल्यामुळे तो गंभीर माणूसही मलाच व्हावे लागते. म्हणून आता मी विनोद सांगताना हसत नाही. पहिल्या वर्षी मी हसलो होतो, आणि सभागृहात हसणारा मी एकटाच होतो.

वाचनालयातून नाट्यशास्त्राचे भाषांतरही आणले. भरतमुनींनी हसण्याचे सहा प्रकार केले आहेत: स्मित, हसित, विहसित, उपहसित, अपहसित आणि अतिहसित, त्यांतले पहिले दोन उत्तम प्रकृतीच्या पात्रांसाठी, मधले दोन मध्यमांसाठी आणि शेवटचे दोन अधमांसाठी. स्मितात दात दिसत नाहीत, अतिहसितात हातांनी कुशी धराव्या लागतात. आमच्या सभागृहात ही वर्गवारी खुर्च्यांच्या रांगांप्रमाणे तंतोतंत लागते. पहिल्या रांगेत संचालक बसतात आणि दात दाखवत नाहीत; कुशी धरणारे सगळे मागच्या दाराजवळ उभे असतात. मी मनाने कायम त्या दारासाठीच लिहितो.

एक प्रकार मी सोडून दिला आहे, तो फिशपाँडचा. महाविद्यालयात असताना स्नेहसंमेलनासाठी मी फिशपाँड लिहीत असे आणि ते फार गाजत, असा माझा समज होता. एका मित्राच्या बोलताना अडखळण्यावर मी एक ओळ लिहिली होती. सगळे सभागृह हसले, तोही हसला, आणि त्यानंतर तो आमच्याबरोबर चहाला कधी आला नाही. अशा विनोदात ऐकणाऱ्याला कळण्याजोगे नवीन असे काही नसते. जे सगळ्यांना आधीच दिसत आहे त्याकडे बोट दाखवण्यात कारागिरीही नाही. हे मी आज लिहितो आहे. तेव्हा मात्र मला त्या ओळीबद्दल पहिले बक्षीस मिळाले होते.

गावाबाहेरच्या लोकांना आमचे काही विनोद सांगता येत नाहीत, कारण त्यांच्याकडे खातेच उघडलेले नसते. पावसाळ्यात सांगलीत कोणी कोणाला 'कसे आहात' असे विचारत नाही, 'किती फूट' असे विचारतात. आयर्विन पुलाजवळ कृष्णेची पातळी ४० फूट झाली की इशारा आणि ४५ झाली की धोका, हे येथे शाळकरी मुलालाही पाठ असते. "पाहुणे फोनवर आधी पुलाची चौकशी करतात, मग आमची," हे माझे वाक्य गावभागात चालले. पुण्यात माझ्या मेहुण्यांसमोर सांगितले, तेव्हा त्यांनी काळजीने विचारले की पूल पडला आहे का. समजावून सांगितल्यावर ते हसले, पण ते पाहुण्यांनी ठेवायच्या मर्यादेतले हसणे होते.

पुराबद्दलचे सर्वांत चांगले वाक्य माझे नाही. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आमच्या गल्लीत पाणी चढत होते, तळमजला गेला होता, आणि तरुण मुले होडीतून म्हाताऱ्या माणसांना बाहेर काढत होती. शेजारच्या आजी काही केल्या होडीत बसेनात. मुले घाबरली होती, ओरडत होती. त्या पायरीवर उभ्या राहून शांतपणे म्हणाल्या, "अरं, सत्तर वर्सं मी कृष्णामाईकडं जातीय. एकदा ती आली माझ्याकडं, तर एवढं काय रं!"

होडीतली मुले हसली, आजी हसल्या आणि मग निमूटपणे होडीत बसल्या. पुढे कित्येक दिवस मी ते वाक्य वहीत घेऊन बसलो होतो. त्यात आपत्तीच्या खात्यावरची नोंद एका फटक्यात पैपाहुण्यांच्या खात्यावर गेली आहे. 'सत्तर वर्सं' आधी आल्यामुळे तक्रारीला जागाच उरलेली नाही. इतकी वर्षे ज्याच्या घरी जायचे त्याने एकदा उलट भेट दिली तर काय म्हणणार? शेवटचा 'रं' मी सांगितलेल्या सगळ्या नियमांच्या विरुद्ध आहे, शब्दानंतर आलेला आहे, आणि तो काढला तर वाक्य पडते. तो 'रं' त्या घाबरलेल्या मुलांच्या पाठीवर ठेवलेला हात होता. एका कार्यक्रमात मी ते वाक्य सांगून पाहिले. कोणी हसले नाही, आणि ते बरोबरच होते. माझे घर दुसऱ्या मजल्यावर आहे.

यंदाच्या स्नेहसंमेलनात मी सहाऐवजी दोनच विनोद नेले. हळदीचा विनोद चांगला गेला. यार्डातले सभासद मोठ्याने हसले आणि लग्नाची मुले असलेले सभासद जरा उशिराने. त्यानंतर दोन गाणी झाल्यावर मी तिघांचे आणि दोघांचे वाक्य सांगितले आणि थांबलो. क्षणभर काहीच झाले नाही. मला पहिल्या वर्षीची शांतता आठवू लागली होती, तेवढ्यात मागच्या दाराजवळून कोणीतरी खदखदून हसले, मग तिथून हसू रांगारांगांनी पुढे येत गेले आणि संचालकांच्या रांगेपाशी येऊन स्मित झाले.

जेवणाच्या रांगेत एक वयस्कर सभासद ताट घेऊन माझ्याजवळ आले. दारापाशी पहिल्यांदा हसलेले तेच. ते म्हणाले, "साहेब, त्या दोघांतला एक मी आहे. ते वाक्य जरा कागदावर लिहून द्या, तुमचं अक्षर चांगलं आहे. त्याला ऐकवायचं आहे, फक्त त्याचा पत्ता तेवढा सापडू दे."